एका छपराखाली दोन ताटं

तात्सुको वन्सं रिकाम्या हातांनी आल्या नाहीत, तेव्हाच नाओएने ओळखलं की आज या बाईंना इथून काहीतरी न्यायचं आहे. एरवी माहेरी येताना त्यांच्या पिशवीतून निघायचं ते कुणीतरी त्यांनाच दिलेलं, वरचा कागद तेवढा बदललेलं. आज मात्र लाकडी पेटीतलं खरबूज होतं, देठासकट, कापसात निजवलेलं. इतक्या भारी खरबुजाच्या बदल्यात एक म्हातारी सहज मागता येते, असा हिशेब मनाशी करून नाओएने ते पूर्वजांच्या देव्हाऱ्यापुढे ठेवलं, घंटी वाजवली आणि सासऱ्यांच्या फोटोला म्हणाली, "बघा हं, मी घेतलेलं नाही. हे तुमच्या नावावर."

म्हातारी कोण, हे घरात कुणी सांगायला नको होतं. नाओएच्या सासूला, शिगेनोबाईंना, चौऱ्याऐंशी सरत होतं. मार्चमध्ये त्यांचा घास श्वासनलिकेत गेला, फुप्फुसं भरली, आणि इस्पितळातून त्या परतल्या त्या अर्ध्या होऊन. जीभ आणि कान तेवढे पुरते आले. यापुढे सगळं वाटून, गाळून, घट्ट करायची पावडर घालून द्यायचं, अशी इस्पितळाची ताकीद होती. भात खळीसारखा, आणि चहासुद्धा चमच्याने उचलण्याजोगा. शिगेनोबाई प्रत्येक जेवणाला तीन चमचे घ्यायच्या, चमचा आडवा ठेवायच्या आणि म्हणायच्या, "सुरेख होतं." ज्या बाईने नाओएच्या हातच्या कशालाही जन्मात सुरेख म्हटलं नाही, ती तिन्हीत्रिकाळ सुरेख म्हणायला लागली, तेव्हा नाओएला पहिल्यांदा भीती वाटली.

तात्सुकोने सुइताला, आपल्या घराजवळ, एक वृद्धाश्रम पाहून ठेवला होता. महिनाअखेर तिथे एक खाट रिकामी होणार होती. जे खात नाहीत त्यांची तिथे सोय असते. पोटाला भोक पाडून नळी बसवतात, की झालं. होकार द्यायचा होता घरच्या थोरल्या मुलाने, म्हणजे नाओएच्या नवऱ्याने, शूझोने. धाकटा एइजी तोक्योहून मान डोलवायला आला होता. दिवसही वन्संनी मोठा हिशेबी निवडला होता. जुलैतल्या गिओनच्या उत्सवात भावंडं हामो मासा खायला क्योतोच्या या घरी जमतातच. वेगळं निमित्त शोधायला नको. जेवून उठायचं ते ठरवूनच उठायचं.

नाओएचं मत कुणी विचारलं नव्हतं. ते प्रत्येकाने आधीच आपापल्या खिशात टाकलं होतं. डोक्यावरचं ओझं उतरवून घेतात म्हटल्यावर हमाल कशाला भांडेल?

"तुझंही बघायला हवं ना," स्वयंपाकघराच्या दारात पंख्याने वारा घेत तात्सुको म्हणाली. बाहेर गल्लीत उत्सवाच्या झांजा चालल्या होत्या. "एवढी वर्षं आईच्या हाताखाली काढलीस. तुझ्या जागी मी असते तर केव्हाच पळून गेले असते."

"गेले होते की, वन्सं. लग्नानंतर दुसऱ्या वर्षी. स्टेशनपर्यंत पोचलेसुद्धा."

"काय सांगतेस! मग?"

"सुपासाठी कोम्बू शेवाळाचा तुकडा भिजत टाकलेला आठवला. जास्त भिजला असता तर पाणी बुळबुळीत झालं असतं. परत आले."

तात्सुको खळखळून हसली. नाओए हसली नाही, कारण ते खरं होतं.

"म्हणजे सासूने तुला अगदी पाळीव करून टाकलंय," तात्सुको डोळे पुसत म्हणाली. मग आवाज उतरवून, "शूझो तुझ्या तोंडाकडे बघून बोलतो, मला माहीत आहे. तू काही बोलू नकोस. नुसती गप्प बस."

"गप्प बसायला मला येतं, वन्सं."

"शहाणी आहेस." वन्संनी टोपलीवरच्या ओल्या फडक्याकडे नजर टाकली. "हामो आणलाय ना? आपल्याच मासेवाल्याचा?"

"त्याचाच. आत्ताच काट्यांवर काप मारून दिलाय."

तात्सुकोने फडकं उचललं. खवले नसलेला, सापासारखा लांब मासा. हाडं इतकी बारीक आणि इतकी दाट की जड सुरीने कातडीपर्यंत, पण कातडी न तुटता, काप मारत जावं लागतं. खाली तो आडवा होता, मिटलेल्या पंख्यासारखा. "हा!" तात्सुको म्हणाली, आणि क्षणभर ती नुसती या घरची मुलगी झाली. मग फडकं पूर्ववत झाकून, खात्री पटल्यासारखी बाहेर गेली.

शिगेनोबाईंचे खाण्याचे नियम कुठे लिहिलेले नव्हते. ते टोमण्यांतून कळायचे. हंगामाआधी आलेली भाजी म्हणजे आगाऊ पाहुणा, आणि हंगामानंतरची म्हणजे न उठणारा. दोघांनाही घरात घ्यायचं नाही. सूप कुणासाठी थांबत नाही, माणसांनी सुपासाठी थांबावं. वाटी रिकामी होईपर्यंत वाखाणणी करायची नाही, कारण अर्ध्या वाटीतली स्तुती ही वाढणाऱ्याला दिलेली लाच असते. आणि जे आपण स्वतः वाटीभर खाल्लेलं नाही, ते दुसऱ्याच्या पुढे ठेवायचं नाही. नुसतं चमचाभर चाखलेलं त्यांच्या लेखी चालायचं नाही. "चमचाभर तर विषसुद्धा बरं लागतं," त्या म्हणायच्या.

गोफ विणून विकणाऱ्यांचं हे घर. इथे धागा मोजला जायचा तसं खाणंही. वाकासाच्या किनाऱ्यावरून, मासे खारवणाऱ्यांच्या घरातून आलेल्या नाओएने पहिल्या वर्षी सासऱ्यांच्या श्राद्धाचं जेवण एकटीने केलं, तेव्हा तात्सुकोने झाकण उचलून वास घेतला होता आणि म्हटलं होतं, "मी आपलं माझ्यापुरतं बाहेरून मागवते."

तेव्हा शिगेनोबाई मान न उचलता म्हणाल्या होत्या, "एका छपराखाली दोन ताटं नाहीत. तिने केलंय ते खा, नाहीतर उपाशी बस. मीही तेच खातेय. आणि ते वाईट झालंय."

नाओएच्या मनातल्या वहीत सासूच्या नावावर पानंच्या पानं भरली होती, सगळी येण्याची. देण्याच्या बाजूला एकच नोंद होती, ती ही. पण काही नोंदी जड असतात.

परवा दुपारी नाओए त्या करड्या लगद्याची भरली वाटी घेऊन बसली. चार महिने ती तो चमचाभर चाखूनच वाढत आली होती. म्हणजे चार महिने नियम मोडत आली होती. पहिला चमचा ठीक होता. पाचव्याला जिभेने शोध घेणं सोडून दिलं. निम्म्यात तिला कळेना की हे गाजर आहे, मासा आहे की कालचं काही आहे. संपवेपर्यंत पोट भरलं, आणि आपण जेवलो असं मात्र कुठे नोंदलंच गेलं नाही. तिने वाटी धुतली आणि गिळण्याचे व्यायाम शिकवायला घरी येणाऱ्या बाईंना फोन लावला. "मऊ असेल, सरळ बसवून, हनुवटी खाली, घास लहान," त्या बाई चाचरत म्हणाल्या. "दोन-चार घास. धोका नाही असं मी म्हणणार नाही." "म्हणूच नका," नाओए म्हणाली होती.

*

उन्हाळ्यासाठी मधली दारं काढून बोरूच्या झापा लावल्या होत्या, त्यामुळे पुढची-मागची खोली एक झाली होती आणि गल्लीतल्या झांजा थेट ताटात येऊन पडत होत्या. शिगेनोबाई उंच पाठीच्या खुर्चीत, कण्याला कणा लावून बसल्या होत्या. मनगटं काडीसारखी झाली होती, पण किमोनोची गळपट्टी तसूभर हललेली नव्हती. बाकीचे चटईवर. नाओएने प्रत्येकापुढे तबक ठेवलं. त्यात उन्हाळ्याच्या, पाण्याच्या लाटा काढलेल्या, झाकणाच्या काळ्या वाट्या. एइजीने हात चोळले.

"वर्षभर या वाटीची वाट बघतो, वहिनी. तोक्योत हामो मागितला तर ईल मासा आणून ठेवतात."

"घ्या ना, भावोजी. गरम आहे तोवर."

सगळ्यांनी झाकणं उचलली.

वाटीत मासा होता. म्हणजे माशाच्या आकाराचं काहीतरी होतं, करडं, गुळगुळीत, साच्यातून काढलेलं. शेजारी गाजराच्या आकाराचं गाजर. भोवती दाशीचं सूप होतं, पण ते हलत नव्हतं. वाटी वाकडी केली तर सगळं एकत्रच सरकत होतं, आळशी कुटुंबासारखं.

"हे काय?" तात्सुको म्हणाली.

"हामो."

"हा हामो?"

"मासेवाल्याचाच. तुम्ही पाहिलात ना मघाशी. त्यातलाच अर्धा."

शूझोचा चेहरा पांढरा पडला. "नाओए, तू हामो मिक्सरमधून काढलास?"

"दोनदा. एकदा काढून गाठी राहतात. मग चाळणीतून. मग पावडर." नाओए आपल्या तबकापुढे बसली. तिच्याही वाटीत तेच होतं. "आईंना जे वाढायचं तेच सगळ्यांना. एका छपराखाली दोन ताटं नाहीत."

शिगेनोबाईंनी झाकण उचलून उलटं ठेवलं होतं आणि वाटीत बघत होत्या. त्यांच्या ओठाचा एक कोपरा हलला, पण तो हसायला हलला की चिडायला, हे ताडायला त्या घरात अनेकांचं आयुष्य गेलं होतं.

"हा काय तमाशा आहे?" तात्सुकोचा आवाज चढला. "आम्ही आजारी आहोत का?"

"नाही वन्सं. पण आईंनी उरलेलं आयुष्य हेच खायचं, असं आपण आज ठरवणार आहोत. आणि हेही नाही खाल्लं तर नळी. तर म्हटलं, ठरवणाऱ्यांनी एक वाटी खाऊन ठरवावं. मी परवा खाल्ली."

"मी सांगितलं होतं तुला, गप्प—" तात्सुकोने जीभ चावली.

"अच्छा," शूझो म्हणाला. "म्हणजे आधीच बोलणं झालं होतं."

एइजी चमचा घेऊन सरसावला होता. तो स्वभावाने बैठकीत भांडण पेटलं की हातात काहीतरी धरणारा. एक घास घेतला. "वाईट नाही. तोक्योत याला छानसं फ्रेंच नाव देऊन..." दुसरा घेतला. तिसऱ्याला त्याने पाण्याकडे पाहिलं. पाणीही घट्ट होतं.

"पाणीसुद्धा, वहिनी?"

"पाणीसुद्धा, भावोजी."

त्याने चमचा ठेवला. तोक्योहून डोलवायला आणलेली मान आता भलत्याच बाजूला वळत होती. "ताई, हे... म्हणजे, रोज?"

"तुला काय जातंय म्हणायला!" तात्सुको उसळली. "मार्चमध्ये नाओए तिच्या आईच्या वर्षश्राद्धाला गेली होती, तेव्हा इथे कोण होतं? मी. अँब्युलन्समध्ये कोण होतं? मी. आईचे ओठ निळे झालेले मी पाहिलेत, एइजी. तू व्हिडिओवर 'आई, बरी हो' म्हणालास. रात्री फोन उशाशी घेऊन झोपते मी. मला तिला मारायचं नाहीये, मला तिला जगवायचंय. हा गुन्हा आहे का?"

वन्संच्या भीतीत खोट नव्हती, हे नाओएला मान्य होतं. खरबूज लबाडीचं होतं. भीती अस्सल होती.

"तात्सुको," शिगेनोबाई म्हणाल्या.

आवाज बारीक होता, पण सगळे ताठ झाले. लहानपणीच्या सवयी मणक्यात राहतात.

"अकरा वर्षांची होते मी. युद्धात बॉम्बच्या भीतीने शाळेने आम्हाला डोंगरातल्या देवळात नेऊन ठेवलं. रोज करडी पेज. रताळ्याचे वेल वाटून, वर कोंडा. यात काय आहे, असं विचारलं की मास्तर म्हणायचे, 'जगायला पुरेसं आहे.'" त्यांनी चमच्याने त्या करड्या माशाची शेपटी तोडली, तोंडात घातली, बराच वेळ घोळवली आणि गिळली. "मी जगले. माझ्याशेजारी निजायची ती मुलगीही तेच खायची. ती नाही जगली. तेव्हाच ठरवलं, नुसतं जगायला म्हणून पुन्हा कधी खाणार नाही. माझ्या वाट्याची करडी पेज मी संपवलेली आहे."

"आई, ती वेळ वेगळी होती," शूझो म्हणाला.

"पेज तीच आहे." त्यांनी चमचा नाओएकडे रोखला. "दाशी बरी झालीय. बाकी सगळा त्या माशाचा अपमान आहे. तू हे मुद्दाम केलंस."

"हो, आई."

"हामोचा अर्धा भाग वाया घालवलास."

"हो."

"मग उरलेला अर्धा कुठे आहे?"

नाओए उठली.

"नाओए, खाली बस," शूझो म्हणाला. नवऱ्याच्या अधिकाराने म्हणायला गेला, पण वाक्य निम्म्यातच विनवणीत घसरलं. "डॉक्टरांनी सांगितलंय."

"मलाही सांगितलंय. तुम्ही घराचे कर्ते आहात. आत्ता ठरवा. मी उठू की बसू? बसले, तर महिनाअखेर आईंची पेटी मीच भरते, एक शब्द बोलत नाही. पण मग उद्यापासून या घरात हामो शिजणार नाही. मला तो शिजवता येणार नाही. कुणाच्या तोंडात घालायचा तो?"

शूझोने आईकडे पाहिलं. शिगेनोबाई त्याच्याकडे बघतच नव्हत्या. त्या स्वयंपाकघराकडे बघत होत्या, स्टेशनवर गाडीची वाट बघतात तसं. हेच त्याला सोसलं नाही.

"ऊठ," तो म्हणाला.

"शूझो!" तात्सुको किंचाळली.

नाओए आधीच आत गेली होती. तिने दोन्ही हात सिंकच्या कडेवर आपटले, रागवल्यासारखे. कुझूच्या कंदाचं पीठ प्रत्येक कापाच्या आतपर्यंत ब्रशने भरलं, जास्तीचं झटकलं. तुकडे नेहमीच्या निम्मे केले. पाण्यात सोडताच मासा कळीसारखा उमलला, पांढरा, कडा झुलत्या; वर पिठाचं पारदर्शक, निसरडं अस्तर. स्वच्छ दाशी, वर हिरव्या युझू लिंबाच्या सालीचा नखाएवढा काप. नेहमीच्या शांतपणाने केलं असतं तर अजून चांगलं झालं असतं, हे तिलाही कळत होतं.

तिने वाटी शिगेनोबाईंपुढे ठेवली, एक हात त्यांच्या पाठीवर. "हनुवटी खाली, आई."

"माहीत आहे."

शिगेनोबाईंनी झाकण उचललं. वाफ चेहऱ्यावर घेतली. मार्चपासून पहिल्यांदा त्यांनी घाई केली नाही. मग चमचा बाजूला सारून जेवणाच्या काड्या उचलल्या. बोटांनी दोनदा चूक केली, तिसऱ्यांदा पकडलं. तुकडा तोंडात गेला. जबडा हळूहळू फिरला. डोळे मिटले. गळ्याची घाटी वर गेली, थांबली, खाली आली.

आणि त्या खोकल्या.

पहिला खोकला बारीक होता. दुसरा आतून, फाटलेला. तात्सुको उडी मारून उभी राहिली, तबक कलंडलं. शूझोच्या हातात फोन होता. एइजी नुसताच "आई, आई" म्हणत होता. नाओएने पाठीवरचा हात काढला नाही. या एका क्षणाची पावती आपल्याच नावाने फाटणार हे तिला ठाऊक होतं, आणि तरी ती हलली नाही.

शिगेनोबाईंनी तळवा वर केला. बसा.

तिसरा खोकला. मग एक लांब श्वास, ओला, पण पुरता. डोळ्यांतून पाणी वाहत होतं, पण ओठ लाल होते. त्यांनी रुमालाने तोंड टिपलं, घडी घातली. वाटीत पाहिलं.

"पाणी फार उकळलं होतं," त्या घोगऱ्या आवाजात म्हणाल्या. "कडा आखडल्यात. पुढच्या वेळी बुडबुडे यायच्या आत टाक."

"पुढच्या वेळी," शूझो हळूच म्हणाला, जणू कुणी परक्या भाषेतला शब्द सांगितला आहे. फोन पालथा घालून त्याने चटईवर ठेवला. "ताई, सुइताला कळवून टाक. ती खाट दुसऱ्या कुणाला देऊ देत."

"आणि काही झालं तर?" तात्सुको उभ्याउभ्याच रडत होती, रागाने. "नाओए, सगळे तुझंच नाव घेतील. सगळ्यांत आधी मी घेईन."

"घ्या, वन्सं. मोठ्याने घ्या. शेजारपाजारी सांगा, सुनेने सासूला चांगलंचुंगलं खाऊ घालून मारलं म्हणून. माझ्या माहेरी हे ऐकून कुणाला लाज वाटणार नाही."

एइजीला हसू फुटलं, ते त्याने खोकल्यात लपवलं. त्या दुपारी त्या घरात खोकणं हा भलताच विनोद होता, हे त्याला उशिरा कळलं.

शिगेनोबाईंच्या काड्या पुन्हा वाटीकडे निघाल्या. तात्सुको बघत राहिली. मग तिने नाक पुसलं, सांडलेलं तबक पायाने बाजूला सारलं, खुर्चीजवळ येऊन गुडघ्यांवर बसली आणि आईच्या हनुवटीखाली आपली दोन बोटं धरली.

"खाली घे, आई. अजून. खाली म्हणते ना मी."

"मला शिकवू नकोस," शिगेनोबाई म्हणाल्या, हनुवटी खाली घेतली आणि दुसरा तुकडा उचलला.